पाण्याच्या कडेची हद्द

मी, खाली सही करणारी, चटया विणणारी बाई, वय एकाहत्तर, गुडघे सोडून बाकी सगळी धडधाकट, हे मृत्युपत्र राजीखुशीने, पूर्ण शुद्धीत आणि दुपारची झोप नीट झालेली असताना लिहून ठेवत आहे. माझ्यावर कोणीही दबाव आणलेला नाही. थोरल्याने आणून पाहिला, पण तो पाळण्यात असल्यापासून आणतो आहे आणि अजून त्याला ते साधलेले नाही. याआधी मी असा कागद केलेला नाही. वकीलबाई म्हणतात हे वाक्य लागतेच, म्हणून घातले.

मला दोन मुले. थोरला याच गावात भरावाची कंत्राटे घेतो. कुठे तळे, ओढा, खोलगट जागा दिसली की तिथे माती आणि पाडलेल्या घरांचा राडारोडा ओतून सपाट करून देतो, मग त्यावर कोणीतरी गोदाम उभे करते. धाकटी लेक समुद्रकाठच्या मोठ्या शहरात नर्स आहे. यजमानांना जाऊन बरीच वर्षे झाली. त्यांच्यामागे हे घर आणि घरामागची पाणथळ माझ्या नावावर आली.

राहते घर, वरच्या खोलीसह, थोरल्याला द्यावे. खोटे कशाला बोलू, वरची खोली, फ्रिज आणि माझ्या डाव्या गुडघ्याचे ऑपरेशन भरावाच्या पैशातूनच झाले. गावात हमरस्ता आला, गोदामे आली, तेव्हा टाळ्या वाजवणाऱ्यांत मीही पुढे होते. त्याआधी आजारी माणसाला शहरात न्यायचे तर रस्त्यातच निम्मा जीव जाई. तेव्हा विकासाला नावे ठेवण्याइतकी मी कृतघ्न नाही. फक्त त्याला 'पुरे' म्हणायची सवय नाही, हे मला जरा उशिरा कळले. थोरल्याने मागच्या बाजूचे गळके छत आधी दुरुस्त करावे. 'उद्या करतो' हे मी पुष्कळ ऐकले आहे.

बँकेतली ठेव आणि माझे कानातले लेकीला द्यावे. तिच्या इमारतीत भरतीचे पाणी आता जिन्यापर्यंत येते. ती फोनवर हसत सांगते, "आई, आमच्याकडे लिफ्टच्या आधी मासे पोचतात." त्याच आठवड्यात माझा भाचा फोनवर होता. तो देशाच्या पार दुसऱ्या टोकाला शाळेत शिकवतो. तिकडे लोक टँकरमागे धावत होते आणि डोंगरावरचे जंगल विझता विझत नव्हते. एवढा मोठा देश आमचा, एक लेकरू पाण्यात आणि एक धुरात. पूर्वी मी आधी 'जेवलास का' विचारायचे, आता आधी हवा विचारते. लेकीने या पैशांतून वरच्या मजल्यावर घर बघावे. जावईबापूंना मोटार घेऊन देऊ नये. माणूस सोन्यासारखा आहे, पण मोटारीचा विषय निघाला की वाहवत जातो.

दोन्ही विळे, विणायची चौकट आणि लाकडी ठोकणी सूनबाईला. तिचा हात चांगला आहे, जीभ त्याहून चांगली. पाणकणसाची पाती, म्हणजे ज्यांच्या आम्ही चटया विणतो ती, कापायची रीत तिला ठाऊक आहे, तरी लिहिते. एका वर्षी पाणथळीची उगवतीकडची बाजू कापायची, पुढच्या वर्षी मावळतीकडची. उभी राहिलेली बाजू पक्ष्यांची. मी एकदा दोन्ही बाजूंना विळा लावला तेव्हा सासूबाईंनी कारण सांगितले नव्हते, पाठीत धपाटा घातला होता. हल्ली कणसे भलत्याच महिन्यात धरतात. पक्षी उशिरा येतात, काही येतच नाहीत. तरी बाजू राखायची. पाहुणा उशिरा आला म्हणून आपण त्याचा बिछाना दुसऱ्याला देत नाही.

चौकातल्या प्लास्टिकच्या चटया विकणाऱ्याला मी माफ केलेले नाही. मी गेल्यावर भेटायला यायचे तर त्याने यावे, पण येताना माल आणू नये.

आता पाणथळ. खरे म्हणजे सगळा कागद तिच्याचसाठी केला आहे.

ही जागा माझ्या आजेसासऱ्यांनी शेजारच्या भावजींच्या आजोबांशी वाटून घेतली. भावजी हे नुसते शेजारी, सख्खे कोणी नव्हेत, पण लग्न होऊन आल्यापासून मी त्यांना भावजी म्हणते आणि ते मला वहिनी. वाटणीच्या कागदात हद्द लिहिली ती अशी : पाऊस सरल्यावर पाणी जिथे थांबेल तिथपर्यंतची ओली जागा आमची, त्यापुढची कोरडी त्यांची. दोघेही शहाणी माणसे. पाणी वर्षानुवर्षे त्याच जागी येऊन थांबत होते. दगड काय, रातोरात कोणीही सरकवतो, पाण्याला कोण सरकवणार, असे त्यांना वाटले असणार.

मग पाण्यानेच ताळतंत्र सोडले. एका वर्षी पावसाने दडी मारली, पाणी पार मध्यापर्यंत आटले आणि भावजी माझ्या चिखलात खुंट्या ठोकत आले. "वहिनी, कागद बघा. कोरडं ते माझं." पुढे एका वर्षी सगळ्या हंगामाचा पाऊस एकाच आठवड्यात कोसळला. वरच्या अंगाचे ओढे थोरल्याच्या धंदेबंधूंनी बुजवलेले, त्यामुळे सगळा लोंढा इकडे वळला आणि भावजींच्या मागच्या दाराशी येऊन थांबला. मी गुडघाभर पाण्यातून खुंटी घेऊन गेले. "भावजी, कागद बघा. तुमचं स्वयंपाकघर माझ्या हद्दीत येतंय." तेव्हापासून आमचे विळ्याभोपळ्याचे सख्य. कोर्टात तारखांवर तारखा पडतात, न्यायाधीश बदलतात, हद्द काही ठरत नाही. ठरवायला माणसे मोजपट्टी घेऊन येतात तोवर ती दुसरीकडे गेलेली असते.

त्याच पुरात गोदामांमध्ये छातीएवढे पाणी होते आणि नव्या वसाहतीतले लोक छपरावर चढून बसले होते. आमची गल्ली मात्र दाराच्या पायरीवर निभावली, कारण बाकीचे पाणी पाणथळीने पोटात घेतले. हे सगळ्या गल्लीने पाहिले. थोरल्यानेही पाहिले, माझ्याच व्हरांड्यात उभे राहून, हातात चहाचा कप घेऊन.

आता गोदामवाल्यांना हीच जागा हवी आहे. आईनंतर भराव टाकू, असा शब्द थोरल्याने त्यांना देऊन ठेवला आहे. मला कळले तसे मी सरळ विचारले.

तो म्हणाला, "आई, चिखल आहे तो नुसता. देश कुठल्या कुठे चाललाय आणि तू बेडकं सांभाळत बसलीयेस."

मी म्हटले, "देश जिथे चाललाय तिथे उतरायला कोरडी जागा आहे का, ते आधी बघून ये."

तो पाय आपटत गेला आणि संध्याकाळी माझे गुडघ्याचे औषध घेऊन परत आला. पोरगा वाईट नाही. वाईट असता तर लोकांनीच त्याला कधी ना कधी अडवला असता. भल्या माणसाला कोण अडवते? आणि लेकीच्या नावावर करावी, तर ती पडली लांब. भाऊ दोनदा गोड बोलला की सही करून मोकळी होईल.

मला असा माणूस हवा होता, जो या जागेतली वीतभर जमीनही मेला तरी कोणाला देणार नाही. पैशाने वळणार नाही, गोड बोलण्याने नाही आणि शहाणपणाच्या चार गोष्टी ऐकून तर मुळीच नाही. असा माणूस मी आयुष्यात एकच पाहिला आहे, आणि माझे अर्धे आयुष्य त्याच्याविरुद्ध कोर्टात उभे राहण्यात गेले.

सबब, माझ्या मालकीची पाणथळ, पाणी, कणसे आणि बेडकांसह, मी शेजारच्या भावजींना देते. त्यांच्या पश्चात ती त्यांच्या सुनेला जावी, ती त्यांच्याहूनही हेकट आहे. अटी दोनच. भराव टाकायचा नाही, आणि माझ्या सूनबाईला दरवर्षी एका बाजूची पाती कापू द्यायची. त्यांनी जागा विकायला काढली तर ती त्याच क्षणी थोरल्याची होईल. थोरल्याच्या घशात जाऊ नये म्हणून भावजी विकणार नाहीत, आणि विकतात की काय म्हणून थोरला डोळ्यांत तेल घालून बसेल.

वकीलबाई म्हणाल्या, "आजी, हे कलम फार खोडसाळ आहे."

"टिकेल का?"

"टिकेल."

"मग लिहा."

थोरल्या, तुला राग येईल. येऊ दे. तुझ्या मुलांनी या घरात पुराच्या दिवसांतही कोरड्या अंथरुणात झोपावे, एवढ्यासाठी मी तुझा राग पत्करते आहे. तुझ्यावर माझा फार जीव आहे. तोंडावर सांगायला गेले की आपले भांडणच होते, म्हणून इथे लिहिले.

भावजींना मी आजच सकाळी कुंपणापाशी गाठून हे सांगितले. ते म्हणाले, "फुकटचं मला काही नको, वहिनी. ती माझीच आहे." आणि तरातरा घरात गेले. दुपारी स्वतःच्या हाताने लिहिलेला कागद घेऊन आले आणि तो जोडलाच पाहिजे म्हणून हटून बसले. वकीलबाईंच्या सल्ल्याने तो वेगळा जोडला आहे. ज्याला मिळकत मिळते त्याने साक्षीदार होऊ नये असे त्यांनी समजावून सांगितले, तेव्हा भावजींनी त्यालाही हरकत घेतली.

या मृत्युपत्राची अंमलबजावणी वकीलबाईंनी करावी. हे सर्व मी वाचून पाहिले, मला पटले, आणि दोन्ही साक्षीदारांच्या डोळ्यांदेखत सही केली.

ठिकाण : माझ्या घराची मागची खोली
दिनांक : यंदाची कापणी सुरू होण्याच्या आदला दिवस

(सही) चटया विणणारी

साक्षीदार :
(सही) सायकल दुरुस्तीवाले, गल्लीच्या तोंडाशी
(सही) निवृत्त शिक्षिका, समोरचे घर

सोबत जोडलेला कागद :

"सदर पाणथळ मला बक्षीस म्हणून मान्य नाही. ती मूळची माझीच आहे आणि ते मी कोर्टात सिद्ध करीन. तिच्यात मातीची एक पाटीसुद्धा पडू देणार नाही. वहिनींनी मरायची घाई करू नये. पुढच्या महिन्यात आपली तारीख आहे, आणि कोर्टात एकट्याने जायची मला सवय नाही.

(सही) शेजारी"