यादीत सगळ्यात वर

बाबा, तुम्हाला एक गोष्ट विचारायची राहिली आहे. तुम्ही असता तरी विचारली असती का, कोण जाणे. मुलुंडच्या आपल्या घरात तुम्हाला प्रश्न विचारायची सोय नव्हती. टीव्ही केंद्रातले मोठे साहेब घरीही साहेबच असत. फक्त शेजाऱ्यांच्या पडद्यावर मुंग्या आल्या की ते आपलं दार वाजवत, आणि तुम्ही निमूट गच्चीवर जाऊन त्यांची अँटेना फिरवून द्यायचात. ते मला फार आवडायचं.

मी नववीत होते. तुम्ही चष्मा घरी विसरलात म्हणून आई आणि मी तो द्यायला केंद्रावर आलो होतो. बायकांच्या कार्यक्रमाची पाहुणी आलेली नाही, दिवे लागलेत, निर्मात्या बाई रडवेल्या झाल्यात. आई सहज म्हणते, "मी मासळीवर बोलू का?" आणि खुर्चीत बसतेच! खारदांड्याच्या कोळणीकडे ताजा बांगडा कसा ओळखायचा, कल्ले कसे उघडून बघायचे, घासाघीस कुठे थांबवायची, पंधरा मिनिटं ती न अडखळता बोलली. कॅमेरामन हसू दाबत होता. तुम्ही काचेपलीकडे उभे होतात, हाताची घडी घालून. घरी आल्यावर मात्र तुमचा पारा चढला.

"माझ्याच केंद्रावर माझीच बायको? लोक काय म्हणतील?"

"म्हणतले काय? बायेक बांगडो बरो कळता!" आई भांडताना मालवणीत शिरायची.

कार्यक्रम लागला तेव्हा अख्खी बिल्डिंग आपल्या हॉलमध्ये होती. पुढे कितीतरी दिवस बाजारात बायका तिला थांबवून कल्ल्यांबद्दल विचारत, आणि ती उगाच जास्त वेळ बाजारात रमे. तुम्हाला मात्र ती अधूनमधून विचारायची, "ती टेप आहे ना जपून?" तुम्ही पेपरमधून मान वर न काढता म्हणायचात, "असेल."

तुम्ही गेल्यावर टेपांच्या विभागातले तुमचे एक जुने सहकारी भेटायला आले. तुमच्या काळी केंद्रावर टेपा कमी पडत, म्हणून जुने कार्यक्रम पुसून त्यांच्यावर नवे घेत, आणि पुसायच्या टेपांच्या यादीवर सही तुमची असे, हे मला माहीत होतं. ते म्हणाले, "आम्ही वहिनींची टेप वगळली होती. साहेबांनी स्वतःच्या हाताने यादीत सगळ्यात वर लिहिली. पण आधी मागवून घेतली, दार लावलं आणि एकट्यांनी पाहिली. दोनदा." आई तेव्हा आत चहा टाकत होती.

दोनदा का, बाबा? घरच्यांची टेप ठेवली असं कुणी म्हणू नये म्हणून पुसलीत, हे मला समजतं. त्याचा रागही येतो, अजून येतो. पण दुसऱ्यांदा पाहताना काय शोधत होतात? हसलात का? आईला तुम्ही कधी एवढा वेळ सलग बोलू दिलं होतं का?

आई तुमच्यामागे नऊ वर्षं जगली. हॉस्पिटलमध्ये तिने पुन्हा विचारलं, "टेप असेल ना गं तिथे?" मी म्हटलं, "आहे, बाबांनी वेगळी काढून ठेवली होती." ती इतकी खूश झाली की बाजूच्या पलंगावरच्या बाईलाही तिने सांगितलं. मी खोटं बोलले, बाबा. तिच्यासाठी बोलले असं सगळ्यांना सांगते. खरं म्हणजे तुम्हाला वाचवायला बोलले.