माझ्या माहितीप्रमाणे

आई, काल मावशी आली होती. ऑफिसात तुझ्या समोरच्या टेबलावर बसायची ती. दोन्ही गुडघ्यांना पट्टे बांधून, घाटकोपरहून निघून बोरिवलीला माझ्या घरी पोचली आणि चपला काढायच्या आधीच दारात म्हणाली, "तुझी आई मॅडम होणार गं!" तुला जाऊन इतकी वर्षं झाली. मला वाटलं, हिचं वय झालं आता.

मग तिने चहा घेत घेत समजावलं. नोकरीत असताना ज्येष्ठतेच्या यादीत तुझ्या मागच्याला आधी बढती दिली आणि तुझा विचारच केला नाही, तर निवृत्तीनंतरही त्या जुन्या तारखेपासून बढती मागता येते. त्या तारखेला मानीव दिनांक म्हणतात. माणूसच राहिलं नसेल तर वारसाने भांडायचं. "बढती मिळणं हा हक्क नाही गं," मावशी म्हणाली, "आपला विचार होणं हा हक्क. तुझ्या आईचा विचारसुद्धा केला नाही मेल्यांनी. बाई म्हणून लागली, बाई म्हणूनच घरी गेली." तुमच्याकडे कारकून असली की बाई आणि अधिकारी झाली की मॅडम, हे मी लहानपणापासून ऐकलेलं. पण तुला त्याचं काही वाटायचं, हे माझ्या कधी डोक्यातच आलं नव्हतं. वाटायचं का?

अडचण एकच आहे. ऑफिसचं म्हणणं, बढतीवर रत्नागिरीला जावं लागणार होतं आणि तू तोंडी नकार दिलास. लेखी काहीच नाही. म्हणून मी प्रतिज्ञापत्र करायचं, की माझ्या माहितीप्रमाणे माझ्या आईने पदोन्नती कधीही नाकारली नव्हती. मावशीने मसुदा टाइप करूनच आणला होता. सहीच्या जागी पेन्सिलने फुलीसुद्धा केलेली.

"तुला काय म्हणाली होती ती?" मी विचारलं.

"म्हणाली, बघू. तुझी आई साडीच्या दुकानातसुद्धा बघूच म्हणायची. त्याला काय नकार म्हणतात? तू आपली सही कर. रविवारी न्यायला येते."

ती गेल्यापासून मी ती एकच ओळ वाचतेय. माझ्या माहितीप्रमाणे. काय माहिती आहे मला तुझी?

मुलुंडचं स्वयंपाकघर आठवतं. मी नववीत आहे, तू तांदूळ धुतेयस. पाठ माझ्याकडे. "मला रत्नागिरीला जावं लागलं तर गं?" तू विचारतेस, आणि मी पुस्तकातून मान वर न काढता म्हणते, "मग माझ्या वेण्या कोण घालणार?" तू हसतेस. "घोडी झालीस एवढी," म्हणतेस आणि तांदळाचं पाणी ओतून देतेस. तेच तुझं विचारणं होतं का? आणि माझं ते उत्तर तू उत्तर म्हणून घेतलंस?

पण मग त्याच रविवारी तू मला कुकर लावायला का शिकवलंस? तांदळावर बोटाचं पेर बुडेल एवढं पाणी, शिट्टी नीट बसली का ते बघायचं. पुढच्या रविवारी वरण. बाबांनाही इस्त्री हातात दिलीस, त्यांनी पहिल्याच दिवशी स्वतःच्या शर्टाची कॉलर जाळली आणि तू ओरडली नाहीस. म्हणजे तू निघायची तयारी करत होतीस ना? पोळ्या त्याच्या पुढच्या रविवारी शिकवणार होतीस. मी हात धुऊन ओट्याशी येऊन उभी राहिले, तर तू लाटणं सोडलंच नाहीस. "मध्ये मध्ये करू नकोस, अभ्यासाला बस," असं फटकन म्हणालीस. तेवढ्यात काय झालं होतं? तुझ्या मागच्याचं नाव लागलं होतं, की तूच नाही म्हणून सांगून आली होतीस? मी फक्त रागावून आत गेले. विचारलं नाही. पोळ्या मला आजही येत नाहीत.

नाकारली नव्हतीस, तर तुझ्यावर अन्याय झाला आणि मी सही करायलाच हवी. नाकारली असलीस, तर ती बहुतेक माझ्या वेण्यांसाठी. कुठलं खरं असावं असं मला वाटतं, हे मावशीला सांगायची सोय नाही. तू मॅडम व्हावीस असं वाटतं. आणि तू माझ्यासाठी राहिलीस असंही वाटतं. दोन्ही एकदम मागता येत नाहीत गं.

हे मी त्या मसुद्याच्याच मागे लिहितेय. तू ऑफिसातून पाठकोरे कागद आणायचीस ना रफ कामाला, तशी सवयच लागली आहे. आता तो मसुदा मावशीला देता यायचा नाही. चुकून झालं, दुसरी प्रत काढ, असं सांगेन तिला. चुकून नाही झालं, आई. समोर कोऱ्या कागदांचा अख्खा गठ्ठा पडलाय.