आईच्या लुगड्याखालचा सिनेमा

पुणे

बाबा,

तुमच्या पौर्णिमाचा आपल्या भातकुली गावाकडे तोंड करून नमस्कार.

मी मजेत आहे. मेसवाली बरं जेवू घालते. खोकलाही कमी आहे. तुमी मात्र फोन उचलत नाही म्हणून पत्र लिहून राहिली. शेजारचा गोपालदादा म्हणे, तुमी ताटावरून अर्धपोटी उठता. काहून असं करता?

टुरिंग टाकीजवाल्यानं दिलेली रिळं तुमी ज्वारीवरची पाखरं हाकायले वावरात बांधली. आपल्या वऱ्हाडातल्या त्या सिनेमाची तेवढीच प्रत उरली होती, हे मी तुमाले सांगायलेच नको होतं. टाकीजवाला तर ती भंगारात देऊन राहिला होता. मनाले लावून घेऊ नोका.

सुगीनंतर तुमी गुरांच्या कोठ्यात खुंटासकट ठेवलेल्या पट्ट्या मी आणल्या अन् इथं जुने सिनेमे जपायच्या आमच्या लॅबमध्ये साफ केल्या. खोटं नाही सांगत, उन्हानं बहुतेक चित्रं उडाली. पण पट्टी घासून तुटू नये म्हणून तुमी खुंटाले वेढे देऊन वरून आईच्या जुन्या लुगड्याच्या चिंध्या बांधल्या होत्या. त्या सोडल्या, तर खालचं चित्र जसंच्या तसं! अचलपूरच्या बाजारात हिरोईन बांगड्या भरून राहिली, अन् बांगड्यांचा हिरवा रंगही तसाच. आई असती तर हसली असती.

शेवग्याले शेंगा लागल्या काय? गुडघ्याले तेल लावता ना?

इथं रिळाच्या डब्यावर सिनेमा कोणी जपला त्याचं नाव लिहितात. मी आईचं अन् तुमचं लिहिलं.

आता तरी पोटभर जेवा.

तुमचीच,
पौर्णिमा