वजीराच्या घरचा नकार

माबेला, मस्कत
१२ जानेवारी २०१७

प्रिय उर्वी,

काल तू बाबांना फोनवर म्हणालीस, परराष्ट्र सेवेच्या प्रशिक्षणात तुला अरबी भाषा मिळतेय, पण तू सोमवारी पसंती म्हणून फ्रेंचच लिहून देणार. फोन ठेवून बाबा म्हणाले, “पोरगी ओमानात वाढली आणि अरबी नको म्हणते, कमाल आहे!” मी मेथी निवडत राहिले. तोंडाने बोलायचा धीर होत नाही, म्हणून हे लिहून त्याचा फोटो व्हॉट्सअ‍ॅपवर पाठवतेय.

फ्रेंचचं खूळ माझंच. शाळेत अरबी घेता येत होती, पण फ्रेंचला मार्क पडतात असं सगळ्या आया म्हणायच्या. आपली शाळा इंडियन, मैत्रिणी इंडियन, वाढदिवसाला येणारे काका-मावश्यासुद्धा इंडियन. अठरा वर्षांत तू यल्ला, खलास, इन्शाल्लाच्या पुढे गेली नाहीस, आणि मला त्याचं काहीच वाटलं नाही.

अल् घुब्राच्या आपल्या जुन्या घराशेजारी राहणारी वजीरा मात्र होती. ती त्यांच्या सरकारी शाळेत, तू तुझ्या. बोलणं सगळं खाणाखुणांचं, तरी संध्याकाळी दोघींचं एकमेकींवाचून पान हलायचं नाही. तू तिसरीत होतीस तेव्हा तिची आई, हवाबी, खजुराचा डबा घेऊन आली. तिच्या हिंदीत म्हणाली, “प्रेमा, बच्ची लोग साथ में पढ़ेगा. मेरा वाला इंग्लिश सीखेगा, तेरा वाला अरबी.” मी काय उत्तर दिलं ते तुला कधी सांगितलं नाही.

मग वजीरा दिसेनाशी झाली. तू रडलीस तेव्हा मी म्हटलं, तिच्या घरच्यांना आपण परके, त्यांना आवडत नाही. काल तू बाबांना तेच सांगितलंस. “ज्यांना आपण नको होतो, त्यांची भाषा मी का शिकू?”

उर्वी, नकार त्यांनी दिला नव्हता. मी दिला. हवाबीला चहासुद्धा विचारला नाही. तू अभ्यासात मागे पडशील, त्यांच्यातच रमशील, अशी भीती वाटली. आणि तुझ्यासमोर वाईट व्हायची हिंमत नव्हती, म्हणून दोष त्यांच्यावर ढकलला. वजीरा पुढे आठवडाभर बेल वाजवत राहिली, आणि तू झोपलीयेस असं मी सांगत राहिले. उद्या देशाच्या वतीने तू या लोकांसमोर बसशील, तेव्हा तुझ्या मनात माझं खोटं असेल, हे मला सोसवत नाही. फ्रेंच घे, अरबी घे, तुझी मर्जी. पण त्यांनी तुला बोलावलं होतं, एवढं जाणून मग काय ते लिहून दे.

तुझीच, चुकलेली
आई