संत्र्यांच्या ढिगाची श्रेढी

तीर्थस्वरूप भाऊजींच्या पायी वरूडहून उत्तमचा दंडवत.

इकडे सर्व ठीक असून संत्र्याचा आंबिया बहार बरा उतरला आहे. ताईचे गुडघे कसे आहेत ते कळवावे.

तुम्ही गणिताचे मास्तर, म्हणून तुम्हालाच सांगतो. आमची आकांक्षा दहावीत गेली आणि माझ्याशी बोलेनाशी झाली. हाक मारली तरी मोबाईलमधून मान वर होत नाही. जीव तुटतो हो! म्हणून म्हटलं, गणित मीच घेतो. निदान तेवढा वेळ पोरगी शेजारी बसेल. (माझं गणित तुम्हाला माहीत आहे, तिला नव्हतं.)

धडा निघाला अंकगणिती श्रेढीचा. शेजारच्या आकड्यांची वजाबाकी करायची, फरक दर वेळी सारखा आला की श्रेढी. एवढं मी पुस्तकात चोरून पाहून ठेवलं होतं. तिला म्हटलं, पुस्तक ठेव, दुकानात चल. तिथे आपला संत्र्यांचा ढीग: खाली सोळा, त्यावर नऊ, मग चार, शेंड्याला एक. म्हटलं, ही बघ श्रेढी, कशी ऐटीत चढते! पोरीनं वजाबाकी केली. "सात, पाच, तीन. बाबा, फरक सारखा कुठी हाय?"

आता दोन गिऱ्हाइकं समोर उभी, माघार कशी घ्यावी? म्हटलं, रचणाऱ्याची चूक आहे. (रचणारा मीच.) आणि सोळा, अकरा, सहा, एक असा ढीग नव्यानं रचायला घेतला. पाचा-पाचाचा फरक, बोर्डानंही बोट ठेवू नये! पण सोळा संत्र्यांवर खळगे नऊच. वरची दोन बसेनात. मी दाबून बसवली. सहाचा थर चढवला आणि सगळी श्रेढी रस्त्यावर. अर्धीचा रस एका ट्रॅक्टरनं काढला. आमची सौ. बेबी आतून ओरडली, "काहून जी, पुस्तकाले पटत नाई म्हणून आता संत्र्याले शिकवून राहिले का?"

आकांक्षा पोट धरून हसली. उरलेली संत्री वेचताना सारखी बोलत होती. मला फार बरं वाटलं. तरी तिला अकोल्याला तुमच्याकडे शिकायला पाठवावं म्हणतो.

आपला मेव्हणा,
उत्तम

ता. क. तिला पाठवत नाही. चाचणीत श्रेढी ओळखायचे सगळे प्रश्न तिचे बरोबर आले. कसं ओळखलं विचारलं तर म्हणते, "जो ढीग पडते, ते श्रेढी."

आणखी एक ता. क. खरं काम हे, की रविवारी मीच येतो. काल ती आपणहून पुस्तक घेऊन माझ्याजवळ येऊन बसली आणि म्हणाली, "बाबा, आता पुढचा धडा शिकव." तो मी उघडून पाहिला, भाऊजी. त्यातलं मला ओ की ठो कळत नाही, आणि मी तिला सांगून बसलोय की सोपा आहे.