कपाटातला जावई

बाबा,

हे पाठवणार नाहीये, म्हणून स्पष्ट लिहिते. जावई आयर्लंडात औषध कंपनीत इंजिनिअर आहे, असं तुम्ही पुण्यात का सांगत सुटलात? रेनातो नट आहे! इटलीत त्याने वीस वर्षं रंगभूमी गाजवली. आता इथे आयर्लंडातल्या नावन गावात, माझ्या साड्यांच्या कपाटात माइक लावून तो परदेशी सिनेमांना इटालियन आवाज देतो. साड्यांमुळे आवाज घुमत नाही. तुम्ही आलात तेव्हा एवढंच विचारलंत, "हा कपाटात काय बडबडतो?"

काल त्याने एका सिनेमातला, मुलीची माफी मागणारा हट्टी बाप केला. आधी घसा खाकरणं, मग मधेच अडणं, सगळं तुमचंच उचललेलं. मी बाहेरून ऐकत होते.

छानच झालं होतं. तरी म्हटलं, "पुन्हा एकदा घे."

तुमचीच,
सुरुची