इन्सियाचं सातवं वर्ष

५ एप्रिल
आज भाभी दवाखान्यात आली आणि केबिनचं दार लावून घेतलं. "सुट्टी लागली की अम्मी इन्सियाला बतूलखालांकडे नेणार म्हणतात."
बतूलखाला मुलींचा खतना करतात — नाजूक जागेचा भाग कापतात. आमच्या बोहरा समाजात काही घरांत अजून सात वर्षांच्या मुलींना त्यांच्याकडे नेतात. मलाही नेलं होतं. मोठी झाले, डॉक्टर झाले. आता गावोगाव बायकांना सांगत फिरते — या कापण्याने काही फायदा नाही, नुसती इजा. आणि माझ्याच भाचीवर ही वेळ आली! तीही माझ्याच आईच्या हातून.

६ एप्रिल
अम्मीशी बोलले. मेथी निवडत होती. "तुला काय झालं? शिकलीस, संसार केलास, मूल झालं."
म्हटलं, "अम्मी, तू माझे हात धरले होतेस. अजून आठवतं."
अम्मी निवडून झालेली मेथी पुन्हा निवडायला लागली.

९ एप्रिल
मुस्तफाला सांगितलं. सख्खा भाऊ — पण त्याला यातलं काहीच माहीत नव्हतं. पुरुषांच्या कानावर कुणी घालतच नाही. मग, "तुलाही?" मी मान हलवली. "माझ्या मुलीला कुणी हात लावायचा नाही," म्हणाला. भाभी रडली.

१० एप्रिल
अम्मीने बोलणं टाकलं.

१३ एप्रिल
श्रीरामपूरला बैठक. तिघीच आल्या. एक म्हणाली, "घरातलं चव्हाट्यावर आणतेस. उद्यापासून दुसरी डॉक्टर बघू." दुसरी मात्र जाताना माझा नंबर घेऊन गेली.

२१ एप्रिल
सकाळी भाभीचा फोन — अम्मी इन्सियाला घेऊन रिक्षाने गेली, कुठे ते सांगितलं नाही. पेशंट शुभांगी सिस्टरवर सोपवून पळाले. थेट बतूलखालांचा जिना चढले.
दार उघडंच होतं. इन्सिया सरबत पीत बसलेली. अम्मी खालांना सांगत होती, मला बघूनही थांबली नाही —
"बघून घे माझ्या नातीला. हिचं करायचं नाही. माझ्या लेकीला इतक्या वर्षांनी सगळं आठवतं, बतूल. मला वाटायचं, पोरी विसरतात. हिला असलं काही आठवायला नको."
खालांनी इन्सियाचा पेला पुन्हा भरला.
रिक्षात अम्मी एवढंच म्हणाली, "जेवायलाच ये आता घरी."

१२ मे
दुपारी बतूलखाला दवाखान्यात आल्या. वाटलं, भांडायलाच. बसल्याही नाहीत.
"दोघीजणी आपापल्या मुली घेऊन आल्या होत्या माझ्याकडे. म्हटलं, मी सोडलं ते. तर का म्हणून विचारतात. मला धड सांगता येईना. तू सांग."
बाहेर बाकावर त्या दोघी बसल्या होत्या. मुली फिशटँकच्या काचेला नाक लावून मासे बघत होत्या.